गाणारे आपले, मग इतिहासकार कोणाचे?

पुणे-नाशिक महामार्गाने संगमनेरला जाताना हिवरगाव पावसा लागतं. या रस्त्याने जाणाऱ्या दहातल्या नऊ जणांना हे गाव टोलनाक्यामुळे माहीत असतं. पवळाबाई या गावची, हे किती जणांना माहीत आहे? महार घरात जन्मलेली पवळा तमाशाच्या बोर्डावर उभी राहिली आणि मुंबईपर्यंत तिच्या नावावर गर्दी जमू लागली. 'नामचंद पवळा हिवरगावकरीण' हे नाव तिने गावासकट मिरवलं. तमाशातली पहिली स्त्री कलावंत म्हणून तिचा उल्लेख होतो. पण आपल्यापर्यंत तिची जी गोष्ट आली ती कशी आली? ती पठ्ठे बापूरावांच्या गोष्टीतलं एक प्रकरण म्हणून आली. रेठरे हरणाक्षचे श्रीधर कृष्णाजी कुलकर्णी तमाशाच्या नादी लागले, जात सोडली, पवळेसोबत राहिले, लावण्या रचल्या, शेवटी हलाखीत गेले. ब्राह्मणाच्या मुलाचा त्याग, ब्राह्मणाच्या मुलाची शोकांतिका. या वाक्यांचा कर्ता सगळीकडे तोच. पवळा कुठे आहे? ती 'जिच्या पायी' या शब्दांत आहे.

गाणं तिचं, गर्दी तिच्या नावावर, आणि इतिहास दुसऱ्याचा. समाजशास्त्राच्या वर्गात आम्हाला सांस्कृतिक भांडवल हा शब्द शिकवला. तो समजायला फ्रान्सपर्यंत जायची गरज नव्हती, हिवरगाव पुरेसं होतं.

हा लेख पवळेच्या पुतळ्याची मागणी करण्यासाठी नाही. पुतळे होतील, त्यावर राजकारणही होईल. माझा मुद्दा एका पेशाचा आहे. संगीताचा इतिहास शोधायचा, तो लिहायचा आणि त्यावर माहितीपट बनवायचा, हे काम आयुष्यभर, पोटापाण्यासाठी करणारी माणसं आपल्या समाजात किती आहेत? गायक मोजायला बसलो तर एका तालुक्यात वही भरेल. प्रत्येक वस्तीत एक तरी गायन पार्टी होऊन गेली आहे. पण त्या वहीचा लेखक कोण, असं विचारलं की आपण एकमेकांच्या तोंडाकडे बघतो.

कुणी म्हणेल, पोरांना नोकऱ्या नाहीत आणि हा कसले माहितीपट घेऊन बसलाय. म्हणून याच जिल्ह्यातली एक घटना आठवून देतो. मे २०१५. शिर्डीत लग्नासाठी आलेल्या, नर्सिंगचं शिक्षण घेणाऱ्या एका दलित तरुणाच्या मोबाइलवर बाबासाहेबांच्या गाण्याची रिंगटोन वाजली. त्यावरून त्याला उचलून नेलं, हाल हाल करून मारलं. त्याचं नाव तुम्हाला माहीत आहे. नितीन आगेचा खर्डा आणि त्याच्या आधीचं सोनई ज्या जिल्ह्यात घडलं तोच हा जिल्हा. बातम्यांत मथळा काय आला? 'रिंगटोनवरून वाद.' जणू दोन पोरांचं आवाज कमी-जास्त करण्यावरून भांडण झालं.

एक गाणं ऐकून माणसाला मारावंसं का वाटतं? या प्रश्नाचं उत्तर पोलिसांच्या आरोपपत्रात मिळत नाही, ते त्या गाण्याच्या इतिहासात आहे. सत्यशोधक जलशापासून आंबेडकरी जलशापर्यंत, तिथून गायन पार्टीपर्यंत, ऐंशीच्या दशकातल्या कॅसेटपर्यंत आणि शेवटी खिशातल्या मोबाइलपर्यंत हे गाणं कसं आलं? पूर्वी आपलं गाणं आपल्या वस्तीत, आपल्या मंडपात वाजत होतं. कॅसेटने ते रिक्षात आणि हॉटेलात नेलं. मोबाइलने ते गावच्या चौकात, त्यांच्या कानाशी नेलं. ज्यांची मक्तेदारी चौकावर होती त्यांना राग नेमका कशाचा आला हे तेव्हा कळतं. पीटर मॅन्युएल नावाच्या अमेरिकन अभ्यासकाने १९९३ मध्ये भारतातल्या कॅसेटच्या लाटेवर अख्खं पुस्तक लिहिलं. कॅसेट स्वस्त झाली तेव्हा बड्या कंपन्यांनी दुर्लक्षिलेली प्रादेशिक गाणी कशी बाहेर आली, हा त्याचा विषय. भीमगीतं त्याच वाटेने पसरली. पण कॅसेट ते रिंगटोन ही आपल्या गाण्याची गोष्ट आपल्या भाषेत, आपल्या माणसाने पडद्यावर मांडलेली असती, तर निदान 'रिंगटोनवरून वाद' असं निर्लज्जपणे लिहायची सोय पत्रकारांना राहिली नसती.

आता या पेशाकडे येऊ. आपल्या घरात मुलाच्या करिअरची यादी ठरलेली असते. एमपीएससी, पोलीस भरती, डीएड-बीएड, नर्सिंग, आता आता इंजिनीअरिंग. या यादीमागे भूक आहे, तिची टिंगल मी करणार नाही. आरक्षणाने जो दरवाजा उघडला त्यातूनच आपण आत आलो. पण 'मला संगीताचा इतिहासकार व्हायचंय' असं म्हणणारा मुलगा प्रस्थापितांच्या घरात कौतुकाचा विषय होतो आणि आपल्या घरात काळजीचा. त्यामुळे होतं काय, की आपल्या गाण्याकडे अभ्यासक येतात ते बाहेरून. कुणी जिव्हाळ्याने येतं, कुणी पीएचडीसाठी, कुणी फेस्टिव्हलसाठी.

बाहेरच्याने केलेलं काम वाईटच असतं असं मी म्हणत नाही. श्रेय कुणाच्या नावावर जातं, हा प्रश्न मात्र विचारावा लागतो. अमेरिकेतलं एक उदाहरण आपल्या सगळ्यांना पाठ असायला हवं. १९४१ मध्ये ॲलन लोमॅक्स हा गोरा संशोधक ध्वनिमुद्रणाचं यंत्र घेऊन मिसिसिपीच्या कापूसमळ्यांत गेला आणि तिथल्या एका काळ्या मजुराचं गाणं त्याने पहिल्यांदा मुद्रित केलं. तो मजूर पुढे मडी वॉटर्स म्हणून जगभर गाजला. ही गोष्ट संगीताच्या प्रत्येक पुस्तकात सापडते. पण त्या मोहिमेत लोमॅक्ससोबत जॉन वर्क होता. नॅशविलच्या फिस्क या कृष्णवर्णीयांच्या विद्यापीठातला काळा प्राध्यापक, स्वतः संगीतकार. मिसिसिपीतल्या काळ्यांच्या संगीताचा अभ्यास करायचा प्रस्ताव त्याने १९४० मध्येच मांडला होता. त्याने आणि लुइस जोन्स, सॅम्युएल ॲडम्स या त्याच्या काळ्या सहकाऱ्यांनी गाणी उतरवली, लोकांशी बोलले, सविस्तर लिहिलं. ते लिखाण छापलं गेलं नाही, कागदांच्या ढिगात पडून राहिलं. वर्क १९६७ मध्ये वारला. लिखाण पुस्तकरूपाने आलं २००५ मध्ये. साठ वर्षं एका काळ्या माणसाचं संशोधन गोऱ्या माणसाच्या दंतकथेखाली दबून होतं.

ते बाहेर काढणाऱ्यांपैकी एकाचं नाव रॉबर्ट गॉर्डन. मेम्फिसचा, गोरा, संगीतावर लिहिणारा आणि माहितीपट बनवणारा. त्याने २००२ मध्ये मडी वॉटर्सचं चरित्र लिहिलं, त्याच विषयावर माहितीपट केला आणि त्या शोधात वर्कचं हरवलेलं लिखाणही संपादित करून छापलं. पुस्तक, माहितीपट आणि दस्तऐवज, तिन्ही एकाच माणसाच्या एकाच कामातून निघाले. हा असतो संगीताच्या इतिहासकाराचा पेशा. एका विषयावर वर्षानुवर्षं बसायचं, मग त्याचं पुस्तक होतं, माहितीपट होतो, भाषणं होतात, जुन्या ध्वनिमुद्रणांसोबत छापायच्या टिपणांचं काम मिळतं. आणि हो, अन्याय दुरुस्त करणारा तिथेही गोराच निघाला. जॉन वर्कच्या विद्यार्थ्यांच्या हाती तेव्हा साधनं आणि पैसा असता तर साठ वर्षं लागली नसती, असं मला वाटतं.

आपल्याकडे वर्कसारखी माणसं झालीच नाहीत असं नाही. भीमराव कर्डकांनी आयुष्यभर जलसे केले आणि उतारवयात 'आंबेडकरी जलसे : स्वरूप व कार्य' हे पुस्तक स्वतः लिहून ठेवलं. आपली दहा भाषणं आणि जलशाचा एक कार्यक्रम बरोबरीचे, अशी पावती बाबासाहेबांनी ज्या जलशांना दिल्याचं आपण प्रत्येक जयंतीत सांगतो, त्या जलशांचा इतिहास एका जलसाकारालाच लिहावा लागला. पुढे डॉ. कृष्णा किरवले यांनी 'आंबेडकरी शाहिरी : एक शोध' लिहून विद्यापीठात या विषयाला जागा मिळवली. भगवान ठाकूर यांनी जलशांवर काम केलं. पुणे विद्यापीठात शर्मिला रेगे यांनी लावणी, पोवाडा, जयंतीच्या गाण्यांच्या छोट्या पुस्तिका, हे सगळं समाजशास्त्राच्या अभ्यासाचा विषय केलं. फुटपाथवर पाच-दहा रुपयांना मिळणारी पुस्तिका ही ग्रंथालयातल्या ग्रंथाइतकीच महत्त्वाची आहे, हे माझ्यासारख्या अनेकांना त्यांच्या लेखनातून कळलं. किरवले सरांचा २०१७ मध्ये कोल्हापुरात खून झाला, रेगे मॅडम २०१३ मध्ये गेल्या. त्यांच्या जागेवर आज कोण आहे?

आणि हे सगळं कागदावरचं. पडद्यावर काय आहे? आनंद पटवर्धनांचा 'जयभीम कॉम्रेड' आहे. ११ जुलै १९९७ ला घाटकोपरच्या रमाबाई आंबेडकर नगरात पोलिसांनी गोळ्या घातल्या, दहा जण गेले. चार दिवसांनी शाहीर विलास घोगरे यांनी गळफास घेतला. त्या दिवसांपासून पुढची चौदा वर्षं पटवर्धन चित्रीकरण करत राहिले आणि तीन तासांहून मोठा माहितीपट झाला. आंबेडकरी गाण्याचा एवढा मोठा दृश्य दस्तऐवज दुसरा नाही. वस्तीतली पोरं, पोतराजाची पोरं, कबीर कला मंचाची शीतल साठे, सगळे त्यात गातात. आपण त्याबद्दल कृतज्ञ असलं पाहिजे, मी आहे. तरीही तो पाहताना जाणवतं की विचारणारा बाहेरचा आहे. घोगऱ्यांनी डावी संघटना आणि निळा झेंडा यांच्यामधली घालमेल कशी भोगली असेल, हा प्रश्न तिथे पटवर्धनांच्या डाव्या चळवळीच्या आस्थेतून येतो. तोच प्रश्न वस्तीतल्या मुलीने कॅमेरा धरून विचारला असता तर उत्तर देणाऱ्याचा चेहरा वेगळा असता. चौदा वर्षं एका विषयावर टिकायला जे पाठबळ लागतं ते मात्र आपल्यातल्या कुणाकडे होतं, हा सवाल पटवर्धनांना नाही, आपल्याला आहे.

सोमनाथ वाघमारे या आपल्या तरुण दिग्दर्शकाने ती वाट धरली आहे. सांगली जिल्ह्यातल्या खेड्यातून आलेल्या या मुलाने २०१७ मध्ये भीमा कोरेगाववर माहितीपट केला आणि नंतर 'चैत्यभूमी' केला. सहा डिसेंबरला दादरला येणारा समुद्र, तिथली गाणी, तिथली पुस्तकं. त्याच्या पाठीशी तमिळनाडूचे पा. रंजित यांचं नीलम प्रॉडक्शन्स उभं राहिलं. आनंदाची गोष्ट आहे. पण मराठी आंबेडकरी माहितीपटाला पाठबळ चेन्नईहून मिळावं आणि ज्या महाराष्ट्रात जयंतीला गल्लोगल्ली लाखांच्या पावत्या फाटतात तिथून मिळू नये, याची थोडी शरम वाटायला हरकत नाही.

आता आपल्या जिल्ह्याच्या अभिमानाची गोष्ट. पण पुढे वाचा, कारण ती नुसती अभिमानाची नाही. प्रा. शैलजा पाईक मूळच्या कोपरगाव तालुक्यातल्या पोहेगावच्या. वाढल्या पुण्यात, येरवड्याच्या झोपडपट्टीत. वॉरिक विद्यापीठातून पीएचडी, आता अमेरिकेत सिनसिनाटी विद्यापीठात इतिहासाच्या प्राध्यापक. २०२४ मध्ये त्यांना मॅकआर्थर फेलोशिप मिळाली, आठ लाख डॉलरची. हा मान मिळवणाऱ्या त्या पहिल्या दलित स्त्री. तेव्हा आपल्या सगळ्यांच्या स्टेटसवर त्यांचा फोटो होता. पण त्यांनी लिहिलं काय, हे स्टेटस ठेवणाऱ्यांपैकी किती जणांनी पाहिलं? २०२२ च्या त्यांच्या पुस्तकाचा विषय तमाशातल्या दलित स्त्रिया हा आहे. पवळाबाई त्यात आहे. बापूरावांच्या गोष्टीतलं प्रकरण म्हणून नव्हे, इतिहासाचा विषय म्हणून. अश्लील, माणुसकी आणि अस्सल हे तीन मराठी शब्द घेऊन त्या विचारतात: ज्या बाईच्या गाण्याला अस्सल मराठी लोककला म्हणून सरकार शाल देतं, त्याच बाईला अश्लील कोण ठरवतं, आणि या दोन्हींच्या मध्ये तिची माणुसकी कुठे जाते? सरकारी दप्तरात या बायकांचे कागद मिळत नाहीत, म्हणून पाईक मॅडमनी कलावंतांच्या मुलाखती घेऊन स्वतःच सामग्री उभी केली. पोहेगाव आणि हिवरगाव एकाच जिल्ह्यात. हा प्रवास व्हायला शंभर वर्षं आणि एक समुद्र ओलांडावा लागला.

आता अवघड भाग. महाडच्या सत्याग्रहाच्या काळात पठ्ठे बापूरावांनी आपल्या तमाशाच्या खेळांचं उत्पन्न चळवळीला देऊ केलं, आणि बाबासाहेबांनी ते नाकारलं, असं चरित्रकारांनी नोंदवलं आहे. महार स्त्रियांना नाचवून आलेला पैसा नको, ही त्यामागची भूमिका. बाबासाहेब बरोबर होते. जातीने आपल्या आया-बहिणींच्या शरीरावर जो धंदा लादला होता तो तोडल्याशिवाय स्वाभिमान शक्य नव्हता. कर्डकांच्या पिढीने तमाशाचा साचा घेतला, ढोलकी घेतली, सवाल-जवाब घेतला, पण गण-गौळण टाकून त्यात प्रबोधन भरलं आणि बाईला नाचवणं बंद केलं. ही एक क्रांती होती.

पण मग त्या बोर्डावर उभ्या असलेल्या बायकांचं काय झालं? चळवळीने धंदा नाकारला तेव्हा धंद्यातल्या बाईशी चळवळ बोलली का? तिला दुसरी भाकर दिली का? तिचं गाणं कुठे ठेवायचं, की तेही धंद्यासोबत फेकायचं? मी हे विचारलं की चांगले कार्यकर्तेही चिडतात. 'तमाशाचा इतिहास कशाला उकरता, लोक पुन्हा आपल्याला त्याच नावाने हिणवतील.' ही भीती खोटी नाही. हिणवणारे आहेतच, आणि आरक्षण असो की लावणी, त्यांना कारण लागत नाही. पण ज्या इतिहासाची आपल्याला लाज वाटते तो आपण लिहिला नाही, तर दुसरे तो रंगवून विकतात. तेच झालंय. मराठी सिनेमाने तमाशावर किती वर्षं पोट भरलं ते बघा. पडद्यावर नऊवारी, घुंगरू, पाटलाची नजर, आणि जात कुठेच नाही. २००८ मध्ये सावित्री मेधातुल यांनी संगीतबारीतल्या स्त्रियांवर माहितीपट केला, भूषण कोरगावकरांनी 'संगीत बारी' हे पुस्तक लिहिलं. आदराने केलेलं काम आहे. आपण तेवढंही केलं नाही. संगमनेरात कांताबाई सातारकर अखेरपर्यंत राहिल्या, मे २०२१ मध्ये कोरोनाने गेल्या. आपल्यातल्या कुणी त्यांच्यासमोर चार दिवस कॅमेरा लावून बसलं होतं का?

म्हणून मी म्हणतो, आंबेडकरी संगीत-इतिहासकाराचं काम भीमगीतांची आरती करणं नाही. चळवळीला तिचेच प्रश्न विचारण्याची हिंमत त्याच्यात, किंबहुना तिच्यात, पाहिजे. 'तिच्यात' मुद्दाम म्हणतो. आपल्या गाण्याच्या इतिहासात पुरुष शाहिरांची नावं पाठ आहेत आणि जात्यावर बाबासाहेबांची ओवी रचणाऱ्या बाईचं नाव कुणालाच माहीत नाही. गी पॉइतवाँ आणि हेमा राईरकर या दोघांनी पुण्याजवळच्या मुळशीपासून सुरुवात करून गावोगावच्या बायकांच्या एक लाखाहून अधिक जात्यावरच्या ओव्या गोळा केल्या. त्यात बाबासाहेबांवरच्या, रमाईवरच्या ओव्या आहेत, माजलगावच्या भीमनगरातल्या बायकांनी गायलेल्या आहेत. आज त्या 'पारी'च्या संकेतस्थळावर गाणारीच्या नावासह, गावासह ऐकता येतात. एक फ्रेंच माणूस आणि एक मराठी बाई एवढं करू शकतात. आपल्या चौदा तालुक्यांच्या नगर जिल्ह्यात तेवढ्या ओव्या नसतील? राहुरी तालुक्यातल्या एका वस्तीत ऐंशीच्या पुढच्या एका आजीने मला बसल्या जागी वीसेक ओव्या म्हणून दाखवल्या. नातू शेजारी मोबाइल बघत होता. त्याने त्या ओव्या कधी ऐकल्या नव्हत्या, आणि आजीला त्या कुणी विचारतील असं वाटलं नव्हतं.

ही वेळ निघून चालली आहे. १५ मे २००४ ला वामनदादा कर्डक गेले. दीड महिन्याच्या आत, २३ जूनला, प्रल्हाद शिंदे गेले. नोव्हेंबर २०१० मध्ये विठ्ठल उमप नागपुरात दीक्षाभूमीवरच्या मंचावरच कोसळले आणि गेले. दादांचं देशवंडी सिन्नर तालुक्यात, म्हणजे संगमनेरच्या शिवेला लागून. त्यांच्यासोबत पेटी-ढोलकीवर बसलेली, त्यांना मुक्कामाला ठेवून घेतलेली माणसं आपल्या जिल्ह्यात अजून आहेत, सत्तरी-ऐंशीतली. त्यांच्याकडे वह्या आहेत, कॅसेट आहेत. कॅसेटच्या फितीवर बुरशी चढते आणि वही पोरं रद्दीत देतात.

आता पैशाचं बोलू, कारण आपल्याकडे सगळं तिथे अडतं. 'माहितीपटाला लाखो लागतात' असं म्हणणारे तेच असतात जे एका रात्रीच्या डीजेला तेवढेच देतात. मी डीजेच्या विरोधात भाषण करणार नाही, पोरांना नाचू द्या, वर्षातून एकदा रस्ता आपला असतो. पण जमलेल्या वर्गणीतला दहावा हिस्सा जर एका तालुक्याने पाच वर्षं एका मुलीला दिला, तर त्या तालुक्याच्या गाण्याचा इतिहास उभा राहील. पगार म्हणून द्या, सत्कार म्हणून नको. शाल-श्रीफळावर कुणाचं घर चालत नाही. बाहेरही वाटा आहेत. पुण्याच्या एफटीआयआयमध्ये आणि मुंबईच्या टाटा इन्स्टिट्यूटच्या माध्यम विभागात आपल्यासाठी राखीव जागा आहेत. बेंगळुरूचं इंडिया फाउंडेशन फॉर द आर्ट्स कलांच्या संशोधनाला अनुदान देतं, बार्टी पीएचडीला फेलोशिप देते. आपली पोरं तिथे अर्ज करतात ते राज्यशास्त्र, मराठी आणि समाजकार्य घेऊन. संगीत हा विषय घेऊन किती जण जातात?

आणि हे काम नुसतं कॅमेरा उचलून होत नाही, हेही सांगितलं पाहिजे. यूट्यूबवर 'भीमगीतांचा इतिहास' म्हणून जे व्हिडिओ फिरतात त्यातल्या निम्म्यांत गीतकाराचं नाव चुकलेलं असतं. वामनदादांच्या नावावर दुसऱ्याची गाणी आणि दुसऱ्यांच्या नावावर वामनदादांची. इतिहासकाराचं पहिलं काम हे गुंते सोडवण्याचं. वही, कॅसेटचं वेष्टन, छापील पुस्तिका आणि माणसाची आठवण, हे चारही एकमेकांशी ताडून बघायचे. दुसरं काम हक्कांचं. गीतकाराच्या मृत्यूनंतर साठ वर्षं त्याच्या शब्दांवर वारसांचा, किंवा त्याने ज्याला लिहून दिला त्याचा, हक्क असतो, आणि ध्वनिमुद्रणाचा हक्क कंपनीकडे प्रकाशनापासून साठ वर्षं. म्हणजे वामनदादांच्या शब्दांवरचा हक्क २०६४ पर्यंत आहे. किती गीतकारांनी शंभर-दोनशे रुपयांत को-या कागदावर सह्या करून सगळे हक्क देऊन टाकले, हा एका वेगळ्या माहितीपटाचा विषय आहे. २०१२ च्या कायदादुरुस्तीने गीतकाराचा रॉयल्टीतला वाटा राखला, पण त्यासाठी नोंदणी लागते, कागद लागतात, आणि आपल्या शाहिरांच्या घरी कागदाऐवजी ट्रॉफ्या आहेत. आज एखाद्या पोराने माहितीपटात प्रल्हाद शिंदेंच्या आवाजाचे अर्धे मिनिट वापरले तर यूट्यूबची यंत्रणा तो आवाज ओळखते आणि कंपनीचा दावा लागतो. टीका-समीक्षेसाठी थोडा भाग वापरायची सवलत कायद्यात आहे, पण यंत्राला ती कळत नाही, भांडून मिळवावी लागते. आपल्यातल्या वकील मित्रांनो, ॲट्रॉसिटीच्या केसेससोबत हेही काम तुमचंच आहे.

तिसरी गोष्ट, गाणाऱ्याची परवानगी. कडूबाई खरात एकतारीवर गाताना मोबाइलवर दिसल्या आणि घराघरांत पोचल्या, छान झालं. पण गल्लीतल्या कुठल्याही बाईचं गाणं तिला न विचारता उचलायचं, आपल्या चॅनेलचा शिक्का मारायचा आणि जाहिरातीचे पैसे घ्यायचे, हे लोमॅक्सपेक्षा वाईट आहे. तो निदान नाव-गाव लिहून ठेवायचा.

तर येत्या जयंतीच्या नियोजनाच्या बैठका लागतील तेव्हा मंडळाच्या अध्यक्षांसमोर तीन गोष्टी मांडा. तालुक्यातल्या साठीपुढच्या गायक, वादक, गीतकार आणि ओव्या म्हणणाऱ्या बायकांची यादी, फोन नंबरसह. एक साधा रेकॉर्डर, एक माइक आणि दोन हार्ड डिस्क, एक मंडळाकडे, एक दुसऱ्या गावी. आणि वाणिज्य, विज्ञान, कला कुठल्याही शाखेची एक मुलगी, जिला हे काम पगारावर द्यायचं. प्रत्येक मुलाखतीच्या सुरुवातीला तारीख, गाव, पूर्ण नाव आणि कुणी शिकवलं, हे मोठ्याने बोलून घ्या. संगमनेरच्या मंडळांनी सुरुवात हिवरगावातून केली तर बरं होईल. तिथल्या म्हाताऱ्यांनी पवळेबद्दल त्यांच्या आजीकडून काय ऐकलं होतं, हे विचारायला अजून कुणी गेलंय असं मला दिसलेलं नाही.